चुंबळ

कराडच्या पुढं, कोयनेच्या काठी,
पांढरीचं टेकाड निम्मं उरलंय.
निम्मं लोकांनी गाड्या भरून नेलं, उसाला टाकलं.
दोन हजार वर्षांपूर्वीच्या चुलींची राख
आता कुणाच्या तरी चहात गोड लागत असेल.

उरलेल्या निम्म्यात आम्ही.
चौकोन, सुतळ्या, खुंट्या.
मी खापरं चितारतो : कड, गळा, पोट, बूड,
पेन्सिलीनं, एकास एक.
धुवायला वैजयंता कुंभार,
निळं घमेलं आणि दात घासायचा जुना ब्रश.

दोन मीटर दहावर निघालं ते बूड.
टोकदार, गाजरासारखं.
मातीत काळे चकाकते कण,
आपल्या काळ्या पाषाणाचे नव्हेत,
दुसऱ्याच कुठल्या ज्वालामुखीचे.
मंगरुळे बाई खड्ड्यात उडी मारून उतरल्या, साठाव्या वर्षी.
म्हणाल्या, रोमच्या मुलखातली दारूची सुरई.

वैजयंतानं ते तळहातावर उभं केलं. पडलं.
पुन्हा उभं केलं. पडलं.
"काय वो, ह्येला बसायचंच ठावं न्हाई.
घडवणारा शिकाऊ व्हता का?"
मी सांगितलं, जहाजात वाळूत रोवायचे,
शेकड्यानं, एकमेकांना टेकवून.
"म्हंजी एकट्यानं ऱ्हायाचं न्हवतंच त्येला,"
ती म्हणाली, आणि ब्रश मारत राहिली.

खाडीतून वर, मग कुंभार्लीचा घाट,
बैलाच्या पाठीवर, वळणागणिक एखादं फुटत.
इथं आलं तेव्हा आत दारू होती
की नुसता वास, कोण सांगणार.
आतून घासल्याच्या रेघा आहेत.
नंतर कुणीतरी त्यात जोंधळे ठेवले असावेत,
आणि तळाचे काढताना दरवेळी शिव्या घातल्या असाव्यात.

मग सापडली ती टिकली.
भाजलेल्या मातीची, रुपयाएवढी, वर ओवायला भोक.
नाण्याची नक्कल. राजाचं तोंड,
नाक भलतंच मोठं, हनुवटी नाहीच.
भोवतीची अक्षरं ज्यानं उठवली
त्याला ती वाचता येत नव्हती :
ठिपके, उभ्या रेघा,
आणि एक काहीतरी उलटं, मासा म्हणा हवं तर.

त्या राज्याच्या उत्तरेला म्हणे दगडी भिंत होती.
कुडकुडणाऱ्या शिपायांना घरून मोजे यायचे.
इकडची शीव कुणी आखली नाही.
ना भिंत, ना चौकी,
ना शेंदूर फासलेला म्हसोबा.
चालत चालत राजाचं नाक वाढलं,
नावाचे ठिपके झाले,
आणि एका पोरीनं त्याला दोऱ्यात ओवून गळ्यात घातलं.

वैजयंतानं टिकली उलटी केली.
मागं अंगठा उमटलेला.
तिनं आपला त्यात ठेवून बघितला.
"माज्याहून ल्हान. बाईमाणूस, न्हाईतर पोर.
बेंदराला बैल करतो तवा आसंच दाबतो आमी."
मग हात पुसून पदराआडची माळ बाहेर काढली,
पुतळ्यांची, एक ग्रॅमवाली.
मी विचारलं, यावर कोण आहे?
"काय म्हाईत. सासूनं दिली.
कुणी राम-सीता म्हनतं.
उन्हात झळकत्यात, बास."

संध्याकाळी चितारायला बसलो.
नियम असा, की बूड खाली.
ते काही केल्या ठरेना.
तिनं डोईवरचं फडकं सोडलं, पिळलं,
गोल गुंडाळून माझ्यासमोर ठेवलं
आणि त्यावर ते रोवलं.
उभं राहिलं. जरासं तिरकं, पण उभं.

आमच्या चिन्हांच्या यादीत चुंबळ नाही.
मी हलक्या हातानं काढली, नंतर खोडू म्हणून.
चार पावसाळे झाले.
बाईंनी ते पान दोनदा तपासलं,
सही केली,
आणि त्याही काही बोलल्या नाहीत.